नाथिला दोष

ही गोष्ट मी बावीस वर्षं कुणालाही सांगितली नाही. ती माझ्याबरोबरच सरणावर जाईल, असं मी मनाशी ठरवून टाकलं होतं.

वाक्य भारदस्त आहे, नाही? लिहून झाल्यावर मी ते दोनदा वाचलं, आणि मला ते आवडलंही. मग लक्षात आलं, की गुपित जपायचं तर ते काढून घ्यायला कुणीतरी टपलेलं असावं लागतं. माझ्याकडे बावीस वर्षांत कुणी टपलं नाही. कुणी विचारलंच नाही. मी ज्याला निग्रह समजत होतो — ती नुसती सोय होती.

तर सांगतो. थोडा वेळ लागेल. तीस वर्षं मराठी शिकवलेल्या माणसाला मुद्द्यावर यायला वेळ लागतो, आणि मुद्दा स्वतःच्या गळ्याशी येणारा असला, तर जरा जास्तच.

मी तेव्हा निलंग्याकडच्या एका गावात हायस्कुलात शिकवायचो. गाव कर्नाटकाच्या हद्दीला लागून. निम्म्या घरांत कानडी बोलतात, भांडण मात्र सगळे मराठीत करतात. तिथं श्रावणात महादेवाच्या देवळात पोथी लावायची पद्धत होती. महिनाभर, रोज चारच्या सुमाराला, खुरपणीवरून बाया परतल्या की. पोथीला दोन माणसं लागतात. एक वाचणारा आणि एक सांगणारा. वाचणारा ओवी सुरात म्हणतो, सांगणारा तिचा अर्थ सांगतो. वाचणाऱ्याला अर्थ कळला पाहिजे असं नाही, सांगणाऱ्याला आवाज असला पाहिजे असं नाही. समोर बसलेल्यांनी मात्र दोघांवर विश्वास ठेवायचा.

वाचायचे बसवंतअप्पा. पाच एकर कोरडवाहू जमीन, डोक्याला पांढरा पटका, चौथीपर्यंत शाळा. पण ओवी म्हणायला लागले की देवळातली पाखरंसुद्धा गप्प व्हायची. निदान मला तसं वाटायचं. पाखरांना विचारलेलं नाही. आधीचा सांगणारा म्हातारा होऊन गेला, तेव्हा अप्पा माझ्या दारात आले. मी सांगायला बसावं, असं त्यांचं म्हणणं.

मला देवाधर्माचं फारसं प्रेम नव्हतं. कीर्तनात बुवांपेक्षा माइकची वायर नीट करणाऱ्या माणसाबद्दल मला जास्त आदर वाटायचा. तरी मी हो म्हटलं. का? कारण माझं एक मत होतं, आणि मत असलेल्या माणसाला श्रोते लागतात. मत असं, की या जुन्या गोष्टी पुण्यासाठी वाचूच नयेत. ऐकल्यानं शंभर गायी दान केल्याचं फळ मिळतं की दोनशे, हा हिशोब सोडून द्यावा. गोष्टीतल्या माणसांनी एकमेकांशी जे केलं ते बरोबर केलं का, एवढंच बघावं. आधीचा सांगणारा ओवी संपली की फळ सांगायचा. मी ओवी संपली की प्रश्न टाकायचो — बोला, इथं राजा चुकला की नाही?

लोकांना हे आवडलं, हे मला कबूल केलं पाहिजे. मंडपात माणसं वाढली. "गुरुजी लई इचारात पाडून राहिले," असं पारावर बोललं जायचं, आणि ते माझ्या कानावर येईल अशी व्यवस्था मी ठेवली होती. पहिल्या श्रावणात मला टॉवेल-टोपी मिळाली, दुसऱ्यात शाल. तिसऱ्या वर्षी सत्काराचा कापडी फलक रंगवून घेतला गेला. त्यावर माझ्या नावाआधी 'शब्दमहर्षी' होतं. रंगवणाऱ्यानं 'महर्शी' लिहिलं होतं. दुसऱ्या कुणाच्या सत्काराला असता तर मी त्या 'शी'वर आठवडाभर हसलो असतो. माझ्या सत्काराला होता, म्हणून मला तो दिसला नाही.

ही गोष्ट त्या तिसऱ्या श्रावणातली.

पोथी हाती लिहिलेली होती, कुणाच्या तरी पणजोबांनी नकललेली. पहिली पानं गेलेली, शेवटची पानं गेलेली. त्यामुळे तिचं नाव, कर्ता, काळ — काहीच ठाऊक नव्हतं. त्या दिवशीची कथा एका राणीची होती. राजा शिकारीला गेलेला असताना दारात एक तहानलेला वाटसरू येतो. राणी त्याला स्वतःच्या हातानं पाणी देते. परतलेल्या राजाच्या कानाशी कुणीतरी लागतं. राजा राणीला एका शब्दानं विचारत नाही, तिला घराबाहेर काढतो. तिथं ओवीत दोन शब्द होते — 'नाथिला दोष'. राजानं राणीवर नाथिला दोष ठेवला.

अप्पांनी ओवी म्हटली. मी सांगायला सुरुवात केली, राजा, राणी, वन, सगळं व्यवस्थित. त्या दोन शब्दांवरून मी हलक्या पायांनी पुढे निघालो होतो. तेवढ्यात बायांच्या बाजूनं आवाज आला.

"गुरुजी, नाथिला म्हंजे काय?"

विचारणारी महानंदा होती. अप्पांची थोरली मुलगी, चोविशीची. धर्माबादला दिलेली, पण गेले पाच महिने बापाच्या घरी येऊन राहिली होती. नवऱ्यानं संशय घेतला होता. कशावरून, तर सासरी शेजारच्या शिक्षकाच्या घरून ती रोज वर्तमानपत्र आणून वाचायची — एवढंच. सासरच्यांनी निरोप धाडला होता, की पाच माणसांसमोर 'माझं चुकलं' म्हण आणि परत ये. अप्पा तयार नव्हते. भाऊबंद रोज येऊन सांगायचे, पाठवा म्हणून, धाकटीचं लग्न अडेल म्हणून. अप्पा एकच बोलायचे, "पोरीनं कायी केलं न्हाई." पाच महिने तो माणूस त्या एका वाक्यावर उभा होता.

हे सगळ्या गावाला ठाऊक होतं. मलाही होतं. म्हणजे तो प्रश्न कुणी विचारला आणि का विचारला, हे मला कळलं नाही असं मी म्हणू शकत नाही.

मला तो शब्द येत नव्हता.

किती साधं वाक्य आहे — मला येत नाही, उद्या बघून सांगतो. वर्गात मी मुलांना हे म्हणायला शिकवायचो. पण त्या मंडपात, समोर दीडशे माणसं, पाठीशी दोन श्रावणांची शाल — जीभ वळली नाही. शब्दात मला 'नाथ' दिसला आणि मी त्यावर झेप घेतली. म्हटलं, नाथ म्हणजे स्वामी, पती. नाथानं दिलेला तो नाथिला. पतीनं ठेवलेला दोष. इथवर नुसतं अज्ञान होतं. पण अज्ञान एकदा सुरात आलं की थांबत नाही. मी पुढे म्हणालो, की दोष खरा की खोटा, हे कवी सांगतच नाही. तो नाथाकडून आला म्हणून राणीनं पदरात घेतला. तिथंच तिची थोरवी आहे.

माणसांनी माना डोलावल्या. अप्पांनी पोथीवरची बोटं उचलली आणि माझ्याकडे पाहिलं. महानंदानं नाही पाहिलं.

आता तुम्ही म्हणाल, असली शिकवण हा माणूस कशी देऊ शकला? पुण्याच्या फळांना हसणारा? मीही पुष्कळदा विचारलं आहे स्वतःला. उत्तर सापडलं ते आवडण्यासारखं नाही. जुन्या पोथीत असंच काहीतरी असणार, हे मी धरूनच चाललो होतो. पोथीबद्दल ज्याला मनातून आदर नाही, त्याला तिच्यातलं मागासलेपण शोधावं लागत नाही. ते आहेच असं समजून तो बोलतो. मी रोज लोकांना सांगत होतो, की गोष्टीत न्याय शोधा. तो तिथं असेल, असं मला स्वतःला कधी वाटलंच नव्हतं.

पण हा कबुलीजबाब त्याचा नाही. एवढंच असतं तर मी केव्हाच सांगितलं असतं — चुकीचा अर्थ सांगितलेला एक मास्तर, लोक हसले असते, मीही हसलो असतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी शाळेच्या कपाटातून शब्दकोश काढला. शिपायाकडून किल्ली मागून घेतली, त्यानं विचारलं काय बघता, मी म्हटलं काही नाही. कोशाला कसर लागली होती. आजूबाजूची निम्मी पानं चाळण झालेली. नेमका तो शब्द तिनं सोडला होता. नाथिला — नसलेला. खोटा. मिथ्या.

म्हणजे ओवी म्हणत होती, की राजानं राणीवर खोटा दोष ठेवला. नसलेला दोष. 'नाथ' त्यात कुठंच नव्हता. 'न' होता — नाही, नव्हता, नसलेला. कुणा अनामिक माणसानं शेकडो वर्षांपूर्वी दोन शब्दांत त्या बाईचा निवाडा करून ठेवला होता, आणि मी एका दुपारी तो फिरवला होता.

मी कोश मिटला. ठरवलं, आजच चार वाजता सांगायचं. चार वाजले. पुढची ओवी आली, मी पुढची ओवी सांगितली. उद्या सांगू. उद्या सोमवार होता, गर्दी फार. गर्दीत कसं सांगायचं? परवा.

परवा अप्पाच आले.

इथवर मी तुम्हाला गोल गोल फिरवत आणलं. आता मात्र इथून पुढे वळायला जागा नाही.

शाळेची मधली सुट्टी होती. मी पटांगणातल्या लिंबाखाली बसलो होतो. अप्पा कधी शाळेत येत नसत. त्या दिवशी आले, समोर जमिनीवरच टेकले, पटका काढून गुडघ्यावर ठेवला.

"गुरुजी, त्या सबदाचं नक्की हाय न्हवं?"

"कोणत्या?" मी विचारलं. कोणत्या! मला ठाऊक होतं कोणत्या.

"नाथिला. पोरीच्या सासरचे लोक शुक्रवारी येऊन राहिले. म्हनलं, एक डाव इचारून घ्यावं. दुसरा कायी अर्थ निघत आसंल तर —"

ते तिथंच थांबले. वाक्य पुरं केलं नाही. माझ्याकडे बघत राहिले. हे मला आज कळतंय असं नाही, तेव्हाही कळलं होतं — तो माणूस माझ्याकडे दुसरा अर्थ मागायला आला होता. पाच महिने एका वाक्यावर उभा राहून त्याचे पाय दुखत होते. त्याला टेकायला एक शब्द हवा होता. तो शब्द तिथून वीस पावलांवर, कपाटात होता.

मी म्हणालो, "नक्की."

अप्पांनी पटका डोक्याला बांधला. "मंग झालं," म्हणाले. "पोथीच म्हनून राहिली तर आपन कोन?" उठले, आणि फाटकापर्यंत जाऊन जरा उभे राहिले, काही विसरल्यासारखे. मग गेले.

का म्हणालो? रविवारी माझा सत्कार होता. तुम्हाला याहून काही मोठं कारण अपेक्षित असेल. मलाही आहे. बावीस वर्षं मी शोधत आलो. सत्कार होता, एवढंच सापडतं.

शुक्रवारी अप्पांच्या ओसरीवर पाच माणसं बसली. पाचात एक मी होतो. जाणता माणूस म्हणून मला बोलावलं होतं, आणि मी गेलो. महानंदा चौकटीत उभी राहिली. डोक्यावरचा पदर सारखा केला आणि म्हणाली, "माझं चुकलं." स्पष्ट म्हणाली, रडली नाही. मग आम्हाला चहा दिला गेला आणि मी तो प्यालो. रविवारी सत्कार छान झाला.

तिनं त्या दिवशी जो कबुलीजबाब दिला, तो नाथिला होता.

पुढचं मला तुकड्यातुकड्यांनी कळत गेलं. वर्षभरात माझी लातूरला बदली झाली. अप्पा कधी दवाखान्याला, कधी कचेरीच्या कामाला लातूरला आले की भेटायचे, आणि सांगायचे. सासरी तिचं वर्तमानपत्र बंद झालं. मग शेजारी जाणं बंद. मग पाठीमागचं दार. दर वेळी नवऱ्याकडे एकच उत्तर असायचं — तूच पाचांसमोर कबूल केलंस की. खोटं एकदा कबूल केलं की त्याला पुरावा लागत नाही. ती सात वर्षं तशी राहिली. मग एके दिवशी तीन वर्षांच्या मुलीला कडेवर घेऊन एसटीत बसली आणि गावात उतरली. या वेळी भाऊबंद आले, बोलले, गेले. अप्पा त्यांच्यापुढे काय बोलले, ते मला त्यांनीच सांगितलं: "आता पोथीनं सांगितलं तरी धाडनार न्हाई." आणि माझ्याकडे बघून ओशाळं हसले — जणू माझ्या शास्त्राचा अपमान झाला.

तेव्हाही मी बोललो नाही. तिथं बसून होतो, माझ्या घरात, माझ्या खुर्चीत.

महानंदानं बाहेरून बारावी केली, अंगणवाडीत मदतनीस म्हणून लागली, पुढे सेविका झाली. मुलगी आता नांदेडला नर्सिंग शिकते. अप्पा चार वर्षांपूर्वी गेले. शेवटपर्यंत त्यांची समजूत तीच राहिली, की पोथी पोरीच्या विरुद्ध होती. हे मला आता दुरुस्त करता येणार नाही. यात आशा कुठं आहे, असं तुम्ही विचाराल. आहे, पण ती मी निर्माण केलेली नाही, म्हणून मोकळेपणानं सांगू शकतो.

अप्पांच्या मागं पोथी महानंदाकडे आली. देवळातली प्रथा मधल्या काळात बंद पडली होती. तिनं श्रावणात पोथी काढली आणि मंडपात वाचायला बसली. बाईनं पोथीला बसावं का, यावर गावात आठवडाभर चर्चा झाली. तेवढ्या वेळात तिची चाळीस पानं वाचून झाली. आता ती वाचते आणि तीच सांगते.

गेल्या आषाढात ती माझ्या घरी आली. दारात ओळखलं नाही मी. केस अर्धे पांढरे, डोळ्यांना चष्मा. साडीच्या दुकानातल्या पिशवीत पोथी आणि एक शंभरपानी वही. "अवघड सबद काढून आनलेत, गुरुजी," म्हणाली. "तुमच्यासारका सांगनारा न्हाई कोन." वहीत चौदा शब्द होते, ओळीनं लिहिलेले, प्रत्येकापुढे मोकळी जागा. मी चष्मा लावला. पहिल्या शब्दापासून माझी नजर खाली पळत होती — तो कितवा असेल?

तो नव्हता.

एकेक शब्द घेतला. जे आले ते सांगितले. तीन आले नाहीत. त्यांच्यापुढे 'ठाऊक नाही, बघून कळवतो' असं मी स्वतःच्या हातानं लिहिलं. आयुष्यात पहिल्यांदा. चौदावा झाला, तिनं वही मिटली. ती जाऊ शकत होती. कुणीही विचारलेलं नव्हतं, पुन्हा एकदा.

"एक राहिला," मी म्हणालो. "नाथिला."

"त्यो म्हाईत हाय मला."

"काय माहीत आहे?"

"खोटा." ती अशा सहजतेनं म्हणाली, जशी अंगणवाडीतल्या पोराला अक्षर सांगते.

"कधीपासून?"

"तवापासूनच." ती जरा हसली. "कोशात बगून न्हाई वं. राणीनं काय केलतं? तान्हेल्याला पानी दिलतं. मंग दोष खरा कसा आसंल? गोष्टच सांगून राहिली व्हती की. म्हनून तर इचारलं तुमाला, चारचौगात. अप्पाला ऐकू जावं म्हनून."

मी तिला विचारलं, मग ती गेली कशी.

"मला ठाऊक आसून काय करू? अप्पाला न्हवतं ठाऊक. अप्पानं तुमचं ऐकलं." मग माझी समजूत घातल्यासारखं म्हणाली, "जाऊ द्या. चुकतंय मानसाचं."

इथं थांबता आलं असतं. चुकलं — केवढा सोयीचा शब्द. ती स्वतःहून मला तो देत होती. मी घेतला नाही, आणि याचं मला श्रेय नको. बावीस वर्षं उशिरा न घेतलेल्या गोष्टीचं कसलं श्रेय. मी तिला कोशाचं सांगितलं. कसरीचं सांगितलं. लिंबाखालचं सांगितलं — अप्पा आले, पटका गुडघ्यावर ठेवला, दुसरा काही अर्थ निघतो का म्हणाले, आणि मी ठाऊक असताना नक्की म्हणालो.

मला वाटलं, उठेल आणि जाईल. किंवा दोन शब्द सुनावेल. दोन्हीची मी तयारी केली होती. पण ती माझ्याकडे बघतच नव्हती.

"अप्पा आलता इचारायला?" ती म्हणाली. "परत?"

"आले होते."

"शाळंत? आपनहून?"

"हो."

"म्हंजे अप्पाच्या मनात न्हवतं धाडायचं."

हे ती मला सांगत नव्हती. ती तो शब्द न् शब्द स्वतःशी जुळवून बघत होती. मग चष्मा काढून पदरानं पुसला, आणि पुसतच राहिली. बावीस वर्षं तिची समजूत अशी, की बापानं एका दुपारी, एका ओवीवर तिला सोडून दिलं. ती त्यांच्याशी चांगली वागली, शेवटी त्यांचं सगळं केलं — पण हे तिच्या मनात होतं. आणि ते काढू शकणारा माणूस जगात एकच होता. तो लातूरला आरामखुर्चीत गप्प बसला होता. मी फक्त एक अर्थ लपवला, असं समजत होतो. मी तिचा बाप लपवून ठेवला होता.

तिनं मला माफ केलं की नाही, मला ठाऊक नाही. तो विषय तिनं काढला नाही, मीही नाही. निघताना पिशवी काखेत धरून म्हणाली, "श्रावणात या. जितं सांगितलं तितं येऊन सांगा. कोशाचं सांगा न्हाई तर ऱ्हाऊ द्या. अप्पा इचारायला आलता, ते सांगा."

गेलो. दुसऱ्या आठवड्यात, दुपारच्या एसटीनं.

मंडपात आता दीडशे माणसं नसतात. वीस-बावीस बाया, त्यांच्या लेकी, आणि कोपऱ्यात दोन पेन्शनर. महानंदा वाचते, थांबते, आणि सांगायच्या आधी विचारते — तुमाला काय वाटतंय? मग कालवा होतो. राणीच्या कथेला शेवट नाही, पानंच गेली आहेत. दुष्काळ पडतो, तहानेनं व्याकूळ झालेला राजा वनात तिच्याच झोपडीपुढे येऊन पाणी मागतो, आणि पोथी तिथं संपते. मी असताना तो शेवट मी सांगायचो. आता प्रत्येकीनं आपापला सांगायचा असतो. एक म्हातारी म्हणाली, पाणी द्यावं पण बोलू नये. एक नवी सून म्हणाली, आधी पाचांसमोर त्याला चुकलं म्हणायला लावावं, मग द्यावं. तेव्हा सगळ्या महानंदाकडे बघून हसल्या, आणि तीही हसली. सहावीतली एक मुलगी उभी राहून म्हणाली, "त्याला म्हनावं, घागर तितं हाय, हीर तितं हाय. तू भर, तू पी, मलाबी दे." यावर बरीच चर्चा झाली. मी बावीस वर्षांपूर्वी जे करू पाहत होतो म्हणून मिरवत होतो, ते तिथं होत होतं — आणि सांगणाऱ्याची कुणाला फारशी गरज पडत नव्हती.

मग महानंदानं माझ्याकडे हात केला. मी उभा राहिलो आणि सांगितलं. शब्द, कोश, लिंब, अप्पा, नक्की. सत्काराचंही.

मागच्या रांगेतल्या एका म्हातारीला कमी ऐकू येत होतं. तिनं शेजारणीला विचारलं, काय म्हनले? शेजारीण तिच्या कानाशी वाकली आणि सगळ्यांना ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं म्हणाली: "गुरुजीला सबद येत न्हवता, अन् आला तवा सांगितला न्हाई. बसवंतअप्पा आपनहून इचारायला गेलता."

मी सांगितलेलं सगळं त्यात आलं होतं.

मी चार पानं लिहून नेली होती.